‘द गिव्हर’: सात महिने वापरून, आता फेव्हिकॉल लावून

परवा बाइंडिंग सुटलं आणि तेविसावं प्रकरण सुटं हातात आलं, म्हणून लिहायला बसलोय. लोइस लॉरींचं हे पुस्तक मी जुन्या प्रतींतून १४० रुपयांना मागवलं होतं. गोष्ट बहुतेकांना ठाऊक असेल: बारा वर्षांचा जोनस, आखून दिलेलं आयुष्य, ना रंग ना भूतकाळ, आणि सगळ्यांच्या वाटच्या आठवणी सांभाळणारा एकटा म्हातारा. तेव्हा थेट तक्रारीकडे येतो.

शेवट. बर्फ, टेकडी, घसरगाडी, खाली दिवे, कुठूनतरी गाणं. कदाचित तो नुसता प्रतिध्वनीच. पान उलटलं, तर पुढे काही नाही! जोनस आणि त्याने घर सोडताना सोबत नेलेलं बाळ वाचले की गारठून गेले? मी विक्रेत्याला फोटोसकट मेल टाकला: शेवटची पानं गहाळ, पैसे परत करा. चार दिवस जुंपली. अखेर त्याने दुसऱ्या प्रतीचं शेवटचं पान पाठवलं. तेच पान, तोच शेवटचा शब्द. मी ‘ठीक आहे’ एवढंच उत्तर दिलं.

राग मात्र राहिला. १९९३चं पुस्तक, १९९४चं न्यूबेरी पदक (अमेरिकेतला बालसाहित्याचा मोठा पुरस्कार), मुखपृष्ठावर सोनेरी शिक्का, आणि गोष्ट अर्धवट? बालसाहित्यकार नॅटली बॅबिट यांनी तेव्हा वॉशिंग्टन पोस्टमध्ये कौतुक केलं होतं; काही समीक्षकांना मात्र त्या जगाचा तर्कच पटला नाही. मी दुसऱ्यांच्या बाजूचा. म्हाताऱ्याने जोनसच्या पाठीवर हात ठेवला की आठवण या अंगातून त्या अंगात जाते, ती कशी? लेखिका सांगतच नाही.

तिकडे अमेरिकेत पालकांनी हे शाळांतून काढा म्हणून वर्षानुवर्षं तक्रारी केल्या. जोनसचा बाप जुळ्यांपैकी वजनाने कमी असलेल्या बाळाला सुई टोचून मारतो, आणि त्याला तिथे ‘मुक्त करणं’ म्हणतात. पहिल्यांदा वाचताना मीही म्हटलं, आठवीतल्या पोरीला हे कशाला? चार महिन्यांनी ती झोपल्यावर पुन्हा वाचलं. या वेळी बापाचा आवाज ऐकू आला. घरी बाळांशी बोलतो तसाच लाडिक सूर, हात हलवून टाटा. तक्रार याच पानाची, पण हे पान काढलं तर जोनसने घर सोडायचं कशासाठी? माझं मत तिथे फिरलं. पाठीवरच्या हाताचं कोडं तसंच आहे, पण आता ते टोचत नाही.

मुखपृष्ठावरचा दाढीवाला म्हातारा मला कुठलातरी विकत घेतलेला फोटो वाटला होता. तो लॉरींनी स्वतः काढलाय: चित्रकार कार्ल नेल्सन, पुढे आंधळे झाले. रंग हरवलेल्या गावाच्या पुस्तकावर हाच चेहरा. हे कळल्यापासून शिक्का नखाने खरवडून काढलाय, त्याच्या आड काही येऊ नये म्हणून.

शेवटाचा उलगडा पुढच्या भागांत होतो म्हणे. २०००, २००४ आणि २०१२, अशी आणखी तीन पुस्तकं. म्हणजे एका प्रश्नाच्या उत्तरासाठी तिप्पट खर्च. नाही घेणार. गेल्या आठवड्यात पोरीच्या मैत्रिणीने हेच पुस्तक वाचायला नेलं होतं. तिच्या आईचा फोन आला, “अहो, शेवटचं पान फाटलंय का?”

बाइंडिंग तिच्याकडेच सुटलं. फेव्हिकॉल लावून वर पाट्याचं वजन ठेवलंय.