दशांश भागाकाराची शाब्दिक उदाहरणे: चिन्ह सरकवावे, अपूर्णांक करावा की एकक बदलावे?

सहावी-सातवीतल्या मुलाला दशांश भागाकाराची शाब्दिक उदाहरणे घरी शिकवायची असतील, तर पालकांपुढे तीन रीती असतात: भाजकातले दशांश चिन्ह सरकवून त्याची पूर्ण संख्या करणे, संख्यांचे व्यवहारी अपूर्णांक करणे, किंवा किलोचे ग्रॅम आणि मीटरचे सेंटिमीटर करून दशांश चिन्हच घालवणे. तिन्ही रीतींनी उत्तर एकच येते. मूल चुकण्याची जागा मात्र प्रत्येकीत निराळी असते आणि निवड त्यावरूनच करावी, असे माझे मत आहे.

समजा, शाहूपुरीतल्या दुकानात ४३.५ किलो गूळ आहे आणि त्याच्या ०.७५ किलोच्या पिशव्या भरायच्या आहेत. चिन्ह सरकवायचे, तर भाज्य आणि भाजक दोघांनाही १०० ने गुणून ४३५० ला ७५ ने भागावे लागते आणि उत्तर ५८ पिशव्या येते. येथे नेहमीची चूक अशी, की ४३.५ मध्ये चिन्हापुढे एकच अंक दिसत असल्यामुळे मूल तिथे एक घर सरकते, भाजकात मात्र दोन घरे सरकते आणि ५.८ असे उत्तर लिहून मोकळे होते. पिशवी एक किलोपेक्षा लहान असताना पिशव्या ४३ पेक्षा कमी कशा होतील, हे आधी विचारण्याची सवय लावल्याखेरीज ही रीत मुलाच्या हाती देऊ नये.

याच उदाहरणात अपूर्णांकाची रीत फार सुरेख चालते, कारण ०.७५ म्हणजे आपली पाऊण. पाऊण म्हणजे ३/४, म्हणून ४३.५ ची चौपट १७४ आणि तिचा तिसरा हिस्सा ५८. पाव, पाऊण, सव्वा, दीड, अडीच हे शब्द मुलाच्या कानावर रोज पडत असतील, तर त्याचा उपयोग अवश्य करून घ्यावा. भाजक ०.३७ असला, तर मात्र या रीतीत नुसती लिखापढी वाढते.

एकक बदलण्याची रीत पुष्कळांना बालिश वाटते. मला ती तशी वाटत नाही. महाद्वार रोडवरच्या कापड दुकानात १०.५ मीटर कापडातून ०.८ मीटरचे किती ब्लाउजपीस निघतील आणि किती कापड उरेल, हे उदाहरण घ्या. चिन्ह सरकवले, की १०५ भागिले ८, भागाकार १३ आणि बाकी १; मूल लगेच ‘१ मीटर कापड उरले’ असे लिहिते. वस्तुतः भाज्य आणि भाजक १० पट केल्यामुळे बाकीही १० पट झालेली असते आणि उरलेले कापड ०.१ मीटरच असते. १०५० सेंटिमीटरला ८० ने भागले, तर बाकी सरळ १० सेंटिमीटर दिसते आणि चुकायला जागाच राहत नाही.

मात्र जिथे दोन राशींची एकके वेगळी असतात, तिथे हीच रीत गोंधळात पाडते. पन्हाळा-जोतिबाच्या फेऱ्यांत मोटारसायकल १५१.२ किलोमीटर चालली आणि ३.६ लिटर पेट्रोल लागले, तर लिटरचे मिलिलिटर केल्याने ०.०४२ असे उत्तर हाती येते आणि पुन्हा १००० ने गुणावे लागते. चिन्ह सरकवून १५१२ भागिले ३६ केले, की लिटरमागे ४२ किलोमीटर हे उत्तर थेट मिळते.

त्यामुळे एकच रीत पक्की करून घ्यायची असेल, तर चिन्ह सरकवण्याचीच घ्यावी, कारण कोणत्याही भाजकाशी ती अडत नाही. परंतु ‘किती उरेल’ असे विचारले असेल, तिथे मुलाला आधी एकक बदलायला सांगावे.