डब्यातला ओबाट्सदा: घ्यावा की घरी कुस्करावा?

म्युनिकच्या सुपरमार्केटात चीजच्या फ्रिजमध्ये केशरी लगद्याचे छोटे डबे दिसतात, तो ओबाट्सदा. दक्षिण जर्मनीतल्या बव्हेरियाच्या बोलीत नावाचा अर्थच ‘कुस्करलेला’. पिकलेलं कामेंबेर (पांढऱ्या सालीचं मऊ चीज), लोणी, पाप्रिकाची म्हणजे सौम्य लाल मिरचीची पूड आणि मीठ, एवढ्यावर तो उभा आहे. मुळात हा उरलंसुरलं चीज खपवायचा उद्योग. १९२०च्या दशकात फ्रायझिंग गावातल्या वाइहेनश्टेफान ब्रॉयस्ट्यूबर्ल या बिअरच्या खानावळीच्या मालकीणबाई काटारिना आयझेनराइश यांनी तो गिऱ्हाइकांना वाढायला सुरुवात केली आणि त्याचं नाव झालं.

डबा उचलताना निळा-पिवळा गोल शिक्का बघा. २०१५पासून या नावाला युरोपीय संघाचं भौगोलिक संरक्षण आहे: माल बव्हेरियात बनलेला हवा आणि त्यात किमान ४० टक्के कामेंबेर किंवा त्याच्यासारखंच ब्री चीज हवं. शिक्का नसलेल्या ‘बव्हेरियन पद्धतीच्या’ डब्यांना ही अट नाही. शाकाहारी असाल तर ‘मिक्रोबिएलेस लाब’ (सूक्ष्मजीवांपासूनचं विरजण) हे शब्द शोधा. नुसतं ‘लाब’ असेल तर चीज विरजायला वासराच्या जठरातला रस वापरलेला असू शकतो.

चवीला डबा ठीक, पण फार गुळगुळीत. खऱ्या ओबाट्सदात चीजच्या पांढऱ्या सालीचे कण दाताखाली येतात. थेट फ्रिजमधून काढून खाल्ला तर चव बसलेली लागते आणि लोण्याचा थर टाळूला चिकटतो. अर्धा तास बाहेर ठेवा.

घरी करणं मात्र दहा मिनिटांचं काम. २५० ग्रॅम कामेंबेर सालीसकट आणि ६० ग्रॅम लोणी तासभर आधी बाहेर काढा. चीज कापल्यावर मध्ये खडूसारखा पांढरा पट्टा दिसला तर ते कच्चं आहे, कितीही दाबलं तरी गुठळ्या राहणार. म्हणून मुदत संपत आलेलं, किंमत उतरवलेलं चीजच घ्यावं. (अमोनियाचा उग्र दर्प आला तर मात्र नको.) काट्याने कुस्करा, मिक्सर लावू नका, त्याने खळ होते. मग एक चमचा गोड पाप्रिका, अर्धा चमचा कुटलेलं क्युमेल, हवी तर दोन मोठे चमचे गव्हाची बिअर. क्युमेल म्हणजे शहाजिऱ्याच्या जवळचं. साधं जिरं घातलं की वास पार भलतीकडे जातो. मीठ शेवटी, चाखून, कारण चीज आधीच खारट असतं.

सगळ्यात जास्त घोळ कांद्याचा होतो. चिरलेला कच्चा कांदा लगद्यात राहिला की काही तासांत कडवट होतो आणि सगळंच बिघडवतो. तो वाढताना वरून घाला, चकत्या करून. सोबत ब्रेत्सेल (पीळ घातलेला खारा पाव, म्हणजे प्रेट्झेल) आणि मीठ लावून पाणी सुटलेल्या मुळ्याच्या पातळ चकत्या. कांद्याशिवाय, झाकून ठेवलात तर फ्रिजमध्ये दोन दिवस सहज टिकतो.