पावसाळाभर टेबल वापरल्यावर: टीआय-८४ प्लस सीई आणि तो अरुंद रकाना

टीआय-८४ प्लस सीई या ग्राफ काढणाऱ्या कॅल्क्युलेटरबद्दल हे लिहायला निमित्त झालं मडगावच्या एका दुरुस्तीच्या दुकानाचं. फंक्शन वाय१ मध्ये, म्हणजे फंक्शन भरायच्या पहिल्या जागेत, नीट भरलेलं, ग्राफ नीट येतोय, पण क्षच्या किमतींसमोर फंक्शनच्या किमती दाखवणारा टेबल उघडला की पूर्ण रिकामा. दुकानदाराने चालू-बंद करून पाहिलं आणि सांगितलं, ‘टेबल मोड गेलाय, बोर्ड बदलावा लागेल.’ बोर्डाला काहीही झालेलं नव्हतं. टेबल सेटअपमध्ये इंडिपेंडंटच्या ओळीवर ‘ऑटो’ऐवजी ‘आस्क’ निवडलेलं होतं. आस्कमध्ये यंत्र स्वतःहून क्ष भरत नाही, तुम्ही भरायची वाट पाहतं. तेव्हा कुणी पैसे मागायच्या आधी हे करा: सेकंड दाबून विंडो, म्हणजे टेबल सेटअप उघडतो. इंडिपेंडंट आणि डिपेंडंट या दोन्ही ओळींवर कर्सर ‘ऑटो’वर नेऊन एंटर दाबा. एंटर महत्त्वाचं, नुसता बाण फिरवून बाहेर पडलात तर निवड बदलत नाही. मग सेकंड आणि ग्राफ, म्हणजे टेबल उघडतो. तरीही वायचा रकाना दिसत नसेल तर वाय= मध्ये जाऊन बरोबरच्या चिन्हावर कर्सर न्या. ते चिन्ह ठळक नसेल तर ते फंक्शन बंद आहे, एंटर दाबून चालू करा.

एवढ्याने भागलं नाही तर सेकंड, अधिक, मग ७ रीसेट, आणि तिथे ‘डिफॉल्ट्स’. ‘ऑल रॅम’ला हात लावू नका, त्याने रॅममधले प्रोग्रॅम आणि याद्याही जातात.

आता खरी तक्रार. या टेबलाचा रकाना अरुंद आहे, आणि ही गोष्ट किरकोळ नाही. पडदा रंगीत, ३२० गुणिले २४० पिक्सेलचा. क्षच्या शेजारी चार फंक्शनं एकदम दिसतात. पण एकच फंक्शन चालू असलं तरी रकाना तेवढाच राहतो आणि बाकीचे तीन रिकामे पडून असतात. जागा असून आकडे कापले जातात, याचा मला मनापासून राग येतो.

उदाहरण घ्या. ३० गुणिले २० सेंटिमीटरच्या पुठ्ठ्याचे चारही कोपरे क्ष बाजूच्या चौरसात कापून वर उघडी पेटी करायची, जास्तीत जास्त घनफळ काढायचं. वाय१ = क्ष(३०−२क्ष)(२०−२क्ष). टेबल सेटअपमध्ये स्टार्ट (क्षची पहिली किंमत) ०, डेल्टा (दर ओळीला क्षमध्ये होणारी वाढ) १ ठेवला की ३ ला १००८, ४ ला १०५६, ५ ला १०००. छान, उत्तर ४ च्या आसपास आहे. डेल्टा ०.१ केला की ३.९ ला १०५६.३ दिसतं. आता डेल्टा ०.०१ करा. ३.९० पासून ३.९५ पर्यंत सलग सहा ओळी १०५६.३, १०५६.३, १०५६.३. विद्यार्थी म्हणतो, घनफळ इथे स्थिर आहे. स्थिर नाहीये! कर्सर वायच्या रकान्यात नेऊन खालची ओळ वाचा: ३.९१ ला १०५६.२९५८८४, ३.९२ ला १०५६.३०५१५२, ३.९३ ला १०५६.३०३८२८. म्हणजे शिखर ३.९२ च्या अगदी जवळ. डेरिव्हेटिव्ह शून्य धरून काढलं तर ३.९२३७ येतं. यंत्राला हे सगळं माहीत असतं, ते फक्त रकान्यात दाखवत नाही.

यावर उपाय आहे आणि तो मी आता कायम वापरतो. वाय२ मध्ये वाय१ − १०५६ लिहा. वाय१ हे अक्षर टाइप करून चालत नाही. अल्फा आणि ट्रेस दाबून जी यादी येते तिच्यातून निवडावं लागतं. हजाराचा बोजा वजा झाला की रकान्यातली सगळी जागा दशांशांना मिळते, आणि ३.९२ व ३.९३ या ओळी लगेच वेगळ्या दिसतात. ग्राफ काढताना मात्र वाय२ बंद करायला विसरू नका.

डेल्टा बदलायला दर वेळी सेटअपमध्ये जायची गरज नाही. टेबल उघडा असतानाच अधिकचं बटण दाबा, डेल्टा तिथेच बदलता येतो. रकान्याच्या डोक्यावर कर्सर नेऊन एंटर दाबलं तर फंक्शनही तिथल्या तिथे दुरुस्त होतं. या दोन सोयी फार चांगल्या आहेत आणि बहुतेक जण वापरत नाहीत.

दुसरी अडचण अँगल मोडची. ती भरती-ओहोटीच्या गणितात सर्वांत लवकर उघडी पडते. समजा नदीच्या पाण्याची उंची मीटरमध्ये १.३ + ०.६ कॉस(२पाय(क्ष−४)/१२.४२) धरली. १२.४२ तास हा चंद्रामुळे येणाऱ्या मुख्य भरतीचा आवर्तनकाळ. बाकीचे आकडे सरावासाठी घेतलेले, त्यावर होडी सोडू नका. रेडियनमध्ये ४ ला १.९, ६ ला १.६१८, १० ला ०.७०३. डिग्री मोड चुकून राहिला तर ४ ला १.९ आणि १० ला १.८९९२. म्हणजे रायबंदरच्या धक्क्यावर दिवसभर भरतीच! आकडे इतके निमूटपणे येतात की रकाना नुसता डोळ्यांखालून घातला तर शंकाही येत नाही. त्रिकोणमितीचं फंक्शन दिसलं की आधी मोड बघा, मग टेबल.

याच फंक्शनवर टेबलाची खरी ताकद दिसते. खाजनाच्या (भरतीच्या पाण्यालगतच्या बांध घातलेल्या शेताच्या) मानशीचं, म्हणजे बांधातल्या पाणी सोडायच्या मोरीचं, दार उघडायला पाणी १.२ मीटरखाली जायला हवं असं धरा. डेल्टा १ ने ७ ला १.३३, ८ ला १.०४, म्हणजे मधे कुठेतरी. डेल्टा ०.१ ने ७.४ ला १.२११, ७.५ ला १.१८१. इथे मुलं ७.४ ला सात वाजून चाळीस मिनिटं म्हणतात. ७.४ तास म्हणजे ७ वाजून २४. हा घोळच नको असेल तर स्टार्ट ७ आणि डेल्टाच्या जागी सरळ १/६० टाइप करा, यंत्र भागाकार स्वतः करून घेतं. मग प्रत्येक ओळ एक मिनिट. सातनंतरच्या २६ व्या ओळीला १.२००८, २७ व्या ओळीला १.१९५८. मिनिटापर्यंतचं उत्तर, एकही समीकरण न सोडवता. फक्त क्षच्या रकान्यात ७.४३३३ दिसतं, मिनिटं दिसत नाहीत. वाय२ मध्ये ६०(क्ष−७) भरलं की तीही शेजारी येतात.

आस्क मोडबद्दल माझं मत या काही महिन्यांत पूर्ण बदललं. आधी तो निव्वळ डोकेदुखी वाटायचा. आता लिमिट शिकवायला त्याच्याइतकं चांगलं साधन मला दिसत नाही. (१−कॉस क्ष)/क्ष² घ्या, रेडियनमध्ये. क्षला ०.१ द्या, ०.४९९६ येतं. ०.०१ दिल्यावर रकाना ०.५ म्हणतो, खालची ओळ ०.४९९९९५८ म्हणते. पुन्हा तोच रकाना! आता क्षच्या जागी १० चा उणे ८ वा घात द्या. उत्तर ०. लिमिट अर्धा आहे आणि टेबल शून्य दाखवतो. कारण साधं आहे: इतक्या छोट्या क्षला कॉसची किंमत १ पेक्षा जेवढी कमी असते, ती यंत्राच्या अंकांच्या मर्यादेपलीकडे जाते. कॉस नेमका १ धरला जातो आणि वजाबाकीत काहीच उरत नाही. त्याच फंक्शनचं दुसरं रूप, २(साइन(क्ष/२))²/क्ष², वाय२ मध्ये ठेवा. त्याच ओळीत एकीकडे ०, दुसरीकडे ०.५. अकरावीच्या मुलाला सूत्राचं रूप बदलण्याचा उपयोग यापेक्षा स्पष्ट दाखवता येणार नाही. नको असलेली ओळ डिलीटने जाते.

डिपेंडंट ‘आस्क’वर ठेवण्याचाही फायदा आहे. क्ष दिसतात, वाय कोरे. मुलांनी आधी वहीत किंमत काढायची, मग त्या जागी एंटर दाबून ताडून पाहायची.

टेबलात ‘एरर’ आलं म्हणजे यंत्र बिघडलं नाही, त्या क्षला फंक्शनला किंमत नाही एवढंच. (क्ष²−४)/(क्ष−२) चा ग्राफ सरळ रेषा दिसतो, २ चं भोक डोळ्यांना सहसा दिसत नाही. टेबलात २ च्या ओळीला एरर स्वच्छ दिसतं. ऋण संख्येच्या वर्गमुळाला रिअल मोडमध्ये तेच. तुकड्यांचं फंक्शन (क्ष<५) अशा अटीने गुणून लिहिलं तर अटीबाहेर ० येतं, आणि ते खरं उत्तर समजलं जातं. अटीने भागा, म्हणजे बाहेर एरर येतं आणि घोटाळा टळतो.

घ्यावं का? फक्त टेबलासाठी मुळीच नाही. कॅसिओच्या एफएक्स-९९१ईएक्समध्ये टेबल आहे आणि तो ग्राफिंगवाल्याच्या किमतीच्या अगदी थोड्या भागात येतो. एका फंक्शनला ४५ ओळी, दोन फंक्शनना ३०. त्याहून जास्त मागितल्या तर रेंज एरर देतो. वर लिहिलेला भरतीचा शोध त्यावर तीन फेऱ्यांत निघतो, मिनिटांच्या फेरीत ४५ ओळींत उत्तर बसतं. जेईईला तर कॅल्क्युलेटरच चालत नाही, तेव्हा त्या तयारीसाठी म्हणून पालकांनी हा खर्च करू नये. आयबी डिप्लोमा या आंतरराष्ट्रीय अभ्यासक्रमाच्या गणिताला ग्राफिंग लागतंच, त्यांनी घ्यावं. शिकवणाऱ्यांनी घ्यावं, चार फंक्शनं शेजारी-शेजारी दिसण्यासाठी.

आपल्याकडच्या हवेत एक काळजी लागते. जून ते सप्टेंबर हा टीआय दप्तरात ओल्या छत्रीशेजारी ठेवू नका. सरकतं झाकण लावून, सिलिका जेलच्या पुडीसकट बंद डब्यात ठेवा, नाहीतर दमटपणाने बटणं चिकटायला लागतात. बॅटरी रिचार्जेबल आहे, घरी बदलता येते. पण चार्जिंगची पिन मिनी-यूएसबी. फोनची टाइप-सी बसत नाही आणि जुनी मायक्रोही बसत नाही. घेतानाच एक जादा केबल घेऊन ठेवा. ती दुकानात मागताना ‘मिनी, मायक्रो नव्हे’ असं सांगा आणि तिथेच लावून पाहा.