लिरिकल बॅलड्सची सटीप आवृत्ती : आठ महिने वापरल्यानंतर

मे महिन्यात नागपूरला बर्डीच्या बाजारात स्कूटर उन्हात उभी होती आणि डिकीत हे पुस्तक होतं : वर्ड्स्वर्थ आणि कोलरिज या दोन इंग्रज कवींचा ‘लिरिकल बॅलड्स’ हा संग्रह, टीपांसह. कामं आटोपून दीड-दोन तासांनी घरी आले, पुस्तक उघडलं तर कण्याचा गोंद तारेसारखा ताणला गेला आणि मागची टीपांची पानं गठ्ठ्यानं हातात आली. २,६५० रुपयांचं पुस्तक. मी अकरावी-बारावीला इंग्रजी शिकवते. डिसेंबरमध्ये थकबाकीचे पैसे आले तेव्हा कुठल्याही परीक्षेसाठी नाही, स्वतःसाठी म्हणून हे घेतलं होतं. पानाला पाच रुपये पडले आणि नागपूरचा एक उन्हाळाही त्याला सोसला नाही.

विकणाऱ्याला फोटो पाठवले. परत घेण्याची मुदत संपली आहे, आणि ‘वापरामुळे झालेली झीज’ धरली जात नाही, असं उत्तर आलं. तीनदा लिहिलं, तीनदा तेच उत्तर. पुस्तक वापरण्यासाठीच असतं, हे चौथ्यांदा लिहायला गेले आणि सोडून दिलं. प्रकाशकाचं नाव इथे घेत नाही, कारण अशी नुसत्या गोंदाची बांधणी आता बहुतेक सगळेच करतात.

आत काय आहे ते घेणाऱ्याला माहीतच असतं : १७९८चा मूळ संग्रह, १८००च्या दोन खंडांतल्या वाढीव कविता, १८०२ची भर घातलेली प्रस्तावना, काही पत्रं, आणि शेवटी दीडशे पानं टीपा. माझं खरं भांडण या ‘शेवटी’शी आहे. टीप कवितेच्या खाली का नाही? आपल्याकडे सार्थ ज्ञानेश्वरीत ओवीखालीच अर्थ असतो. माझी आजी चौथी शिकलेली, पण तिला अर्थासाठी कधी पोथीचं दुसरं टोक गाठावं लागलं नाही. इथे कोलरिजच्या ‘एन्शंट मॅरिनर’ या म्हाताऱ्या खलाशाच्या दीर्घ कवितेची दहा कडवी वाचताना मी सहा वेळा मागे गेले. एक बोट कवितेत, एक बोट टीपेत, वर पेन्सिल दातात. पुस्तक पुढून एकदा आणि मागून शंभरदा उघडलं गेलं. उन्हानं शेवटचा धक्का दिला, पण कणा आधीच या ये-जा करण्यानं खिळखिळा झाला होता, असं माझं ठाम मत आहे.

आणि टीपा वगळूनही चालत नाही. त्यांच्यासाठीच तर पैसे मोजले. कविता फुकट कुठेही मिळतात. पण १७९८च्या पहिल्या आवृत्तीवर कवीचं नावच नव्हतं, तेवीस कवितांपैकी चार कोलरिजच्या होत्या, आणि १८००मध्ये नाव आलं ते एकट्या वर्ड्स्वर्थचं, हे नुसत्या कविता वाचून कळत नाही. त्याच वेळी ‘मॅरिनर’ पहिल्या जागेवरून उचलून खंडाच्या शेवटाकडे, शेवटून दुसरी नेली. वर वर्ड्स्वर्थनं स्वतःच्या टीपेत मित्राच्या या कवितेतले दोष मोजून दाखवले : नायकाला ठसठशीत स्वभाव नाही, तो काही करत नाही, त्याच्यावरच सगळं घडत राहतं, वगैरे. आपण वर्गात ही जोडी किती गुण्यागोविंदानं शिकवतो! मला ती टीप वाचून कोलरिजसाठी वाईट वाटलं, अजून वाटतं. ‘मॅरिनर’च्या समासातली सुंदर गद्य टिपणं त्यानं १८१७मध्ये जोडली, म्हणजे जवळजवळ वीस वर्षं तो त्या कवितेपाशी परत येत राहिला.

दुसरी टीप मी विज्ञान शाखेच्या मुलांना वाचून दाखवली. १८००च्या आवृत्तीची विरामचिन्हं तपासून द्या, अशी विनंती वर्ड्स्वर्थनं केली ती हंफ्री डेव्हीला. डेव्ही ब्रिस्टलला वायूंवर प्रयोग करणारा एकवीस वर्षांचा रसायनशास्त्रज्ञ, पुढे १८१५मध्ये खाणकामगारांसाठी सुरक्षा दिवा काढणारा. दोघांची तोवर भेटही झालेली नव्हती. याच संग्रहातल्या एका कवितेतल्या, थंडीनं कायमच्या कुडकुडणाऱ्या हॅरी गिलची गोष्टसुद्धा इरॅस्मस डार्विन या डॉक्टरच्या वैद्यकाच्या ग्रंथातून उचललेली. कविता इकडे आणि विज्ञान तिकडे, ही भिंत आपण अकरावीच्या प्रवेशाच्या फॉर्मवर घालतो.

जूनमध्ये पुस्तक नागपूरच्याच महाल भागातल्या एका जुन्या बाइंडरकडे नेलं. जुजबांधणी करून द्या म्हटलं. त्यांनी गठ्ठा हातात घेऊन कडेनं पाहिलं आणि म्हणाले, “मॅडम, याच्यात जुजच नाही. सुटे कागद हायेत, नुसते चिकटवले. शिवाचं कशात?” शिवलेल्या पुस्तकात घडी घातलेले जुज असतात, दोरा घडीतून जातो. इथे घड्या कापून टाकून कडेला गरम गोंद लावलेला. मग कडेला भोकं पाडून शिवणं एवढाच उपाय उरला. “पण एवढ्या जाडाले कडेनं शिवलं तर ते उघडनारच नाही. दोन करून देऊ का?”

मी आधी नाही म्हणाले. एका पुस्तकाची दोन करायची म्हणजे हार मानल्यासारखं वाटलं. मग म्हटलं, “काका, कविता वेगळ्या करा, मागचं सगळं वेगळं करा.” खळीत मोरचूद घालून, कापडी पुठ्ठा लावून, दोन्ही मिळून २८० रुपये घेतले.

आणि आता मला वरचं माझंच भांडण बरंचसं मागे घ्यावं लागतंय. डावीकडे कविता, उजवीकडे टीपा, दोन्ही एकाच वेळी उघड्या. बोट अडकवायला नको. पान उलटायला नको. कवितेचं पान मोकळं, त्यावर आकड्यांचा आणि बारीक अक्षरांचा पसारा नाही. तळटीपा असत्या तर हे सुख मिळालंच नसतं. प्रकाशकांनीच अशी दोन पुस्तकं का विकू नयेत? तक्रार उरली ती एवढीच की शिवणीनं आतला समास खाल्ला. कवितांच्या ओळी आखूड, तिथे फरक पडत नाही. टीपांच्या खंडात मात्र अंगठ्यानं पान दाबून धरावं लागतं.

या नव्या सोयीनं पहिली पूर्ण वाचली ती वर्ड्स्वर्थची ‘मायकेल’. १८००च्या दुसऱ्या खंडाची शेवटची कविता, कोलरिजची ‘क्रिस्टाबेल’ वगळल्यावर त्या जागी आलेली. म्हातारा मेंढपाळ पुतण्याला जामीन राहतो, पुतण्या बुडतो, आणि जमीन वाचवायला अठरा वर्षांच्या एकुलत्या मुलाला शहरात कमवायला धाडतो. मुलगा तिथे बिघडतो, परागंदा होतो. बापलेकांनी मेंढवाड्याचा पहिला दगड ठेवलेला असतो. म्हातारा पुढे सात वर्षं तिथे जात राहतो, आणि लोक सांगतात की कित्येक दिवस तो एकही दगड न उचलता परत येई. वर्ड्स्वर्थनं हे खंड १८०१च्या जानेवारीत चार्ल्स फॉक्स या संसदपटूला पाठवले आणि पत्रात लिहिलं की छोट्या जमीनमालकांचा जमिनीचा तुकडा हा त्यांच्या घरातल्या मायेचाच आधार असतो.

बाबा काटोलकडचे. आमची संत्र्याची बाग अशाच एका सहीपायी गेली, मी तेव्हा सातवीत होते. त्यांना इंग्रजी कविता जमत नाही, म्हणून संध्याकाळी गच्चीत मी ओळ वाचून मराठीत सांगत गेले. मध्ये त्यांनी एकदाच थांबवलं. “जामीन सख्ख्या पुतण्याले होता ना?” हो म्हटलं. “मग नाही म्हणता येत नाही,” म्हणाले, आणि पुढे वाच म्हणून हातानं खूण केली. त्या पानावर मी टीप पाहायला वळले नाही.

घ्यायचं असेल तर घ्या, पण आल्या आल्या बाइंडरकडे न्या, गोंद सुटण्याची वाट पाहू नका. डिकीत ठेवू नका. कूलरच्या झोतातही नको, माझ्या दुसऱ्या एका पुस्तकाची पानं त्या ओलीनं कायमची फुगली आहेत. कवी कीट्सच्या पत्रांचा जाडा खंडही असाच चिकटवलेला आहे. तो पुढचा मे लागायच्या आत महालात नेऊन टाकणार आहे.