मुस्तफाच्या आवाजापायी १९,९२९ रुपये गेले

लाजेपायी तीन आठवडे गप्प बसलो. बायकोला अजून २९९ रुपयेच माहीत आहेत.

मुस्तफा, म्हणजे कॅपकॉमचा १९९३ चा 'कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स'. एसटी स्टँडमागच्या व्हिडिओ गेम पार्लरमध्ये यावर किती नाणी घातली, देव जाणे. मुलाला दाखवायला मेम (MAME, पार्लरचे जुने गेम कॉम्प्युटरवर चालवणारा प्रोग्राम) टाकलं, तर गेम उघडेना: 'डीएल-१४२५.बिन' सापडत नाही. क्यूसाउंड या आवाजाच्या चिपची ही फाइल. 'फुल साउंड पॅक, २९९' अशी जाहिरात दिसली, पैसे भरले. मग 'अ‍ॅक्टिव्हेशन', हजार अधिक जीएसटी, १,१८० रुपये. पावतीवर जीएसटी नंबर नव्हता. मी एकोणीस वर्षं अकाउंट्समध्ये आहे!

पण खरा चुकलो तो पुढेच. आली ती ८६ एमबीची डॉट ईएक्सई, म्हणजे अख्खा प्रोग्रामच. अहो, हवी ती फाइल काही केबींची! 'झॅक्सन'सारख्या जुन्या गेमचे आवाजसुद्धा झिपमधल्या साध्या वेव्ह फाइली असतात. आवाजासाठी ईएक्सई कशाला लागेल? अँटिव्हायरसने लाल पाटी दाखवली. फोनवरचा पॅकवाला म्हणाला, "सर, गेमच्या फाइलीला असं दाखवतंच, बंद करा." केला बंद, या हातांनी. शेजारच्या टॅबमध्ये नेटबँकिंग उघडं होतं. आता म्हणाल, मूर्ख आहेस. पण तो 'सर, सर' करत इतकं शुद्ध बोलत होता, आणि शेजारी पोरगं "बाबा, झालं का?" म्हणत उभं. 'व्हेरिफिकेशन कोड' म्हणून ओटीपी वाचून दाखवला. १८,४५० गेले. मेसेजमध्ये रक्कम लिहिलेली होती, मी फक्त सहा आकडे बघितले.

असं झालं तर ताबडतोब १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा. मी आधी पोलीस ठाण्यात गेलो, तिथेच दोन तास गेले. "कसला आवाज?" तीनदा विचारलं. मग, "गेम ओरिजिनल आहे का?" यावर काय बोलणार! चोर मीच असल्यासारखा उभा होतो. तिथून सायबरला धाडलं. सायबरवाले म्हणे बँकेचा शिक्का आणा. बँकेत शिक्का मारणारी बाई रजेवर, आणि साहेबांचं एकच पालुपद, "ओटीपी तुम्हीच दिलात ना?" दिला हो, म्हणून तर आलोय!

मेम फुकट आहे, १९९७ पासून. त्याच्या नावावर कोणी दुरुस्तीचे पैसे मागितले तर फोन ठेवा. कुठली फाइल नाही, हे ते स्वतःच लिहून दाखवतं. ती ओळ नीट वाचा, मी वाचली नाही.

काल बँकेचा मेसेज आला. तक्रार निकाली काढली आहे, कृपया सेवेला रेटिंग द्या.