काळकोट कुठे बांधायचा: अजिंक्यतारा की वासोटा?

भाच्याची विज्ञानकथा अडलीय. उसळती काळऊर्जा कोंडून तिच्यापासून वीज काढणारा कोट साताऱ्याकडच्या या दोन किल्ल्यांपैकी नेमका कुठे उभारायचा, हेच त्याचं ठरेना.

खर्च बघितला तर अजिंक्यतारा सरळ जिंकतो. वरपर्यंत गाडी जाते. वासोट्याला बामणोलीहून लाँच, मग जंगलातली चढण. दगड कोण वाहणार?

पण गळती झाली तर? अजिंक्यताऱ्याच्या पायथ्याशी अख्खं शहर. राजवाड्यावर भेळ खाणारा माणूस थेट १७०८ मध्ये, शाहू महाराजांच्या राज्याभिषेकाला! वासोट्याभोवती नुसतं रान आणि कोयनेचं पाणी. शिवाय पूर्वी तिथे कैदी ठेवत, म्हणजे कोंडून घालायची सवय जुनीच. खोट एकच: १९६७ चा कोयनेचा भूकंप. पाया हलला की काळही निसटणार.

माणसांचा गोंधळ, विनोद लिहायचा असेल तर अजिंक्यतारा घे म्हटलं. वाचणाऱ्याला घाम फोडायचा असेल तर वासोटा, आणि लाँचचं भाडं कथेतच धर.