फुकटचा सिनेमा पडला ३८ हजारांना

गेल्या दिवाळीत आईला एक नवा मराठी सिनेमा बघायचा होता. आमच्या तालुक्यात तो एकच आठवडा लागला आणि उतरला. जिल्ह्याला न्यायचं तर तिचे गुडघे. म्हणून मी नेटवर सिनेमाचं नाव टाकून पुढे 'फुल मूव्ही' लिहिलं. पहिल्याच साइटवर सापडला.

बटण दाबलं की जाहिरात, ती घालवली की दुसरी. या साइट्सचं पोट त्याच्यावरच. एक पत्ता बंद पाडला की तेच दुकान दुसऱ्या पत्त्यावर उघडतं. शेवटी पाटी आली, 'एचडी प्रिंटसाठी आमचा प्लेअर घ्या'. ती एपीके फाइल होती, म्हणजे प्ले स्टोअरबाहेरचं ॲप. फोनने धोक्याची सूचना दिली, मी ती उडवून लावली. ॲपने एसएमएस वाचायची परवानगी मागितली, तीही दिली. सिनेमा दाखवणाऱ्याला माझे एसएमएस कशाला हवेत, हे आत्ता सुचतंय! मग 'पडताळणीसाठी १ रुपया'. डेबिट कार्डाचा नंबर, पाठीमागचे ३ आकडे, सगळं भरलं.

सिनेमा लागला, खोटं कशाला बोलू. थिएटरात चोरून घेतलेला. एकदा तर कुणीतरी उठून पडद्यासमोरून गेलं. मध्यंतरानंतर बंद पडला तो पडलाच.

त्या रात्री दोन ते तीनच्या दरम्यान ४ खेपांत ३८,४०० रुपये गेले. ओटीपी मी कुणालाही सांगितला नव्हता. ते ॲपच वाचून परस्पर पुढे पाठवत होतं.

खरी माती मी नंतर खाल्ली. ऑनलाइन फसवणुकीची तक्रार करायचा १९३० हा सरकारी नंबर माहीत असून दोन दिवस फोन केला नाही. २०२३ च्या कायदादुरुस्तीनुसार सिनेमाच्या चोरीला ३ महिने ते ३ वर्षं कैद, एवढं अर्धवट वाचलेलं. ती शिक्षा चोरून चित्रण करणाऱ्यांना आणि पसरवणाऱ्यांना आहे, पण मला वाटलं आपणच आत जायचो. शिवाय लाज. तिसऱ्या दिवशी केला, तर पलीकडच्या बाईंनी सिनेमाचं नावसुद्धा विचारलं नाही. बँक कुठली, वेळ काय, व्यवहाराचे नंबर सांगा, बस्स. लगेच कळवलं असतं तर पैसे वाटेतच गोठवता आले असते, म्हणाल्या. तोवर बरेचसे एटीएममधून निघालेही होते. ४,१०० तेवढे कुठल्याशा खात्यात अडकलेत. बँक म्हणते, कार्डाची माहिती तुम्हीच दिलीत.

आईला यातलं काही सांगितलेलं नाही. परवा विचारत होती, "त्या पिक्चरचं पुढं काय झालं रे?"